तरवडाची साल आणि शिमोन चांभाराचे घर

वाचकहो, एकाच झुडपाचे फूल देवापुढे वाहिले जाते आणि त्याच झुडपाची साल हाताळणाऱ्या मनुष्याला मात्र देवळाच्या पायरीपर्यंतही येऊ दिले जात नाही, असे घडले तर विटाळ नेमका कोठे आहे असे म्हणावे? फुलात नाही, हे सर्वांना मान्य आहे. सालीत असेल, तर फूल आणि साल एकाच मुळाचे पाणी पितात, त्याचे काय? आणि दोहोंतही नसेल, तर तो त्या मनुष्याच्या हातात आला कोठून?

हा प्रश्न तर्कशास्त्राच्या वर्गासाठी रचलेला नाही. दख्खनच्या कोरड्या माळावर, शेताच्या बांधावर, रेल्वेच्या रुळांच्या कडेने हा प्रश्न बारा महिने हिरवा उभा असतो. त्याचे नाव तरवड. अहिल्यानगर (पूर्वीचे अहमदनगर), सोलापूर, बीड, जालना या भागांत ज्यांचे बालपण गेले त्यांना हे झुडूप ओळखीचे आहे. माणसाच्या छातीइतके, क्वचित डोक्यावर जाईल इतके उंच. चिंचेसारखी पण जरा मोठी, जोडीजोडीने लागलेली पाने. आणि देठाच्या बुडाशी कानाच्या पाळीसारखी दोन गोल उपपर्णे. या कानांवरूनच त्याला 'ऑरिक्युलाटा', म्हणजे कान असलेली, हे शास्त्रीय नाव मिळाले. लिनियसने १७५३ साली ते 'कॅसिया' या प्रजातीत घातले होते. आता वनस्पतिशास्त्रज्ञ त्याला 'सेना' म्हणतात. बहावा, टाकळा, सोनामुखी ही सारी त्याचीच भावकी. कूळ शेंगांचे, त्यामुळे चपट्या, कागदासारख्या पातळ शेंगा त्याला लागतात. पण हरभऱ्या-तुरीच्या मुळांवर जमिनीला नत्र देणाऱ्या ज्या गाठी असतात, त्या याच्या मुळांना नसतात. फुलात मधही नाही. भुंगे येतात ते केवळ परागासाठी. गुरे सहसा त्याला तोंड लावत नाहीत. म्हणूनच जेथे गवताची काडी उरत नाही तेथेही तरवड टिकून राहतो, आणि पिवळ्याधमक फुलांनी असा भरून जातो की दुष्काळाला हा विनोद कोणी सांगितला असे वाटावे.

नवरात्र आले की या फुलांना मान मिळतो. महाराष्ट्राच्या अनेक भागांत घटावर तरवडाच्या फुलांची माळ चढते. हैदराबाद-सिकंदराबादकडे राहणाऱ्या आपल्या वाचकांनी हेच फूल तंगेडू या नावाने पाहिले असेल. बतुकम्माच्या सणात फुलांचे जे थर रचतात त्यांत त्याला अग्रस्थान असते, आणि २०१४ साली स्थापन झालेल्या तेलंगणाने त्याला आपले राज्यपुष्प केले आहे. तमिळनाडूत ते आवारम्. त्याच्या वाळवलेल्या फुलांचा काढा पितात. श्रीलंकेत तेच रणवरा, आणि तेथेही त्याचा चहा होतो. (आपल्या मंडळ्यांत मात्र सुगीच्या उपासनेला शहरातून आणलेली जरबेराची फुले लागतात. कंपाउंडच्या भिंतीलगत तरवड फुललेला असतो, तो वेदीपर्यंत पोहोचत नाही. हे जाता जाता.)

आता सालीकडे वळू. तरवडाच्या सालीत टॅनिन नावाचे तुरट द्रव्य भरपूर असते. कच्चे कातडे हे मांसासारखेच नाशवंत. दोन दिवस उन्हापावसात पडले तर सडते, आणि नुसते वाळवले तर लाकडासारखे कडक होते. टॅनिन कातड्यातील प्रथिनांना घट्ट बांधते, आणि मग ते कुजत नाही, मऊ राहते, वाकवले तर मोडत नाही. कातड्याचे चामडे होते ते असे. जुन्या पद्धतीत कातडे प्रथम चुन्याच्या पाण्यात मुरत घालीत, म्हणजे केस सुटतात; मग बोथट सुरीने केस आणि आतले मांसाचे अवशेष खरवडीत; चुना निघून जाईपर्यंत धूत; आणि नंतर कुटलेल्या सालीच्या पाण्यात दिवसचे दिवस ठेवीत. दख्खनमध्ये पुष्कळ ठिकाणी कातड्याची पिशवी शिवून, तीत साल व पाणी भरून ती टांगून ठेवण्याची रीत होती. पाणी थेंब थेंब झिरपे, ते खाली धरून पुन्हा वरून ओतीत. साल बाभळीची असे, तरवडाची असे, जोडीला हिरडा. तरवडाच्या सालीने चामड्याला फिका, देखणा रंग येतो, पण उजेडात तो हळूहळू तांबूस होतो. म्हणून शेवटचा हात हिरड्याचा देत. मद्रास इलाख्यातून इंग्लंडला जी अर्धी कमावलेली कातडी जात, त्यांचा लौकिक बऱ्याच अंशी या आवारम् सालीवर उभा होता. पुढे दक्षिण आफ्रिकेतील वॅटल वृक्षाची साल आली आणि तिने तरवडाला मागे सारले.

हे सारे ज्याला येत होते त्या मनुष्याला आपण काय म्हणावे? चुना किती, पाणी किती दिवसांचे, साल कुटलेली केवढी, कातडे बैलाचे की शेळीचे, हवा दमट की कोरडी, हे सर्व लक्षात ठेवून जो नाशवंताला टिकाऊ करतो, त्याला इतर कोणत्याही समाजात कारागीर म्हटले असते. आपल्याकडे त्याला ढोर म्हटले. हा समाज आपले नाते बाराव्या शतकातील शरण कक्कय्यांशी सांगतो आणि त्यांचेच नाव अभिमानाने लावतो. परंतु गावाच्या तोंडी ते नाव शिवी म्हणूनच राहिले. मेलेले जनावर गावाबाहेर ओढून नेणारा महार, कातडे कमावणारा ढोर, त्याच्या चपला शिवणारा चांभार, वाद्या आणि दोर करणारा मांग: एका मेलेल्या बैलाभोवती चार वस्त्या उभ्या राहिल्या. त्या चारही वेशीबाहेर, आणि पुन्हा एकमेकींपासूनही अंतर राखून.

पण ते चामडे मात्र वेशीबाहेर राहिले नाही, हे ध्यानात घ्या. विहिरीवरची मोट चामड्याची होती. पंप येण्यापूर्वी शेकडो वर्षे बागायतीचा प्रत्येक थेंब त्या चामड्यातून आला; ऊस त्यावर वाढला आणि त्याचा गूळ नैवेद्याला गेला. तूप आणि तेल ज्यात भरून बाजारात येई तो बुधला चामड्याचा. कीर्तनातल्या पखवाजाचे तोंड चामड्याचे. अर्थात, ज्याने मोटेचे चामडे कमावले त्याचे चामडे विहिरीत उतरत होते, आणि तो स्वतः विहिरीच्या काठावर चढू शकत नव्हता. वस्तूला विटाळ असता तर ती मोट आधी विटाळली असती. व्यवहार आला तेथे गावाने वस्तूचा विटाळ सोयीने विसरून टाकला. माणसाचा तेवढा लक्षात ठेवला.

येथे कोणी म्हणेल की घाण ही घाणच असते. कातडी कमावण्याच्या जागी नाक धरल्यावाचून उभे राहता येत नाही, हे काय खोटे? खोटे मुळीच नाही. त्या कामाचे सुंदर चित्र रंगवण्याची मला इच्छा नाही. चुन्याने हात फाटतात, वास अंगात मुरतो, माश्या, ओल, रोग हे सारे खरे आहे. परंतु घाण आणि विटाळ या दोन निरनिराळ्या गोष्टी आहेत, आणि आपल्या देशातील पुष्कळसे नैतिक गोंधळ या दोन शब्दांच्या अदलाबदलीतून झाले आहेत. घाण धुतली की जाते. ती ज्याच्या अंगाला लागली त्याच्यावर लागते, मग तो कोणीही असो. विटाळ धुऊन जात नाही. तो बापाकडून मुलाकडे येतो. ज्या मुलाने आयुष्यात कधी कातड्याला हात लावला नाही, जो शाळेत शिक्षक झाला, त्याच्याही अंगावर तो असतो. घाण नाकाला कळते. विटाळ आडनाव विचारल्यावर कळतो.

आपण ख्रिस्ती लोक येथे चटकन एक चूक करतो. जुन्या करारातही शुद्धाशुद्धतेचे नियम आहेतच, तेव्हा हे सर्व सारखेच, असे म्हणून आपण पुढे जातो. लेवीय ११:३९-४० पुन्हा वाचून पाहा. मेलेल्या पशूच्या शवाला जो शिवेल तो अशुद्ध, असे तेथे आहे हे खरे. पण लगेच त्याची मुदतही दिली आहे. संध्याकाळपर्यंत. शव ज्याने उचलले त्याने कपडे धुवावेत आणि संध्याकाळपर्यंत थांबावे. सूर्य मावळला की तो मनुष्य पुन्हा आपल्या घरचा, आपल्या मंडळीचा. मोशेच्या नियमशास्त्रातील या अशुद्धतेला सूर्यास्त होता. आमच्या गावकुसाबाहेर ती संध्याकाळ हजारो वर्षे झाली नाही. सकाळी अशुद्ध असलेला मनुष्य रात्रीही अशुद्ध होता, आणि त्याचा नातूही. या दोन व्यवस्थांना एकच नाव देणे म्हणजे नियमशास्त्रावर अन्याय करणे होय.

शिवाय पवित्र शास्त्राचा कातड्याविषयीचा पहिला उल्लेख पाहा. उत्पत्ती ३:२१ मध्ये आदाम व हव्वा यांच्यासाठी चामड्याची वस्त्रे करून ती त्यांना घालणारा कोण आहे? स्वतः परमेश्वर देव. पानांची वस्त्रे मनुष्याने केली होती. कातड्याची देवाने केली. निवासमंडपाचे वरचे आच्छादन मेंढ्यांच्या लाल रंगवलेल्या कातड्यांचे होते (निर्गम २६:१४), म्हणजे परमपवित्रस्थानावर ऊन-पाऊस येऊ नये म्हणून जे छप्पर होते ते कोणा चर्मकाराच्या हातून गेलेले होते. आणि तुरुंगातील पौल तीमथ्याकडे झगा आणि पुस्तके मागतो, तेव्हा चर्मपत्रांविषयी विशेष आग्रह धरतो (२ तीमथ्य ४:१३). देवाचे वचन शतकानुशतके कातड्यावर लिहिले गेले. ते कातडे कमावणाऱ्याचे नाव कोठेही नाही.

एकाचे मात्र नाव आहे, आणि आता आपण त्याच्या घरी जाऊ. प्रेषितांची कृत्ये ९:४३ मध्ये लूक जाता जाता सांगून टाकतो की पेत्र यापोमध्ये शिमोन नावाच्या माणसाकडे बरेच दिवस राहिला. आपण त्याला शिमोन चांभार म्हणतो. मूळ ग्रीक शब्द 'बुर्सेउस' असा आहे, आणि त्याचा अर्थ जोडे शिवणारा नव्हे, तर कातडी कमावणारा; दख्खनच्या भाषेत नेमके बोलायचे तर शिमोन ढोर. यहुदी समाजात या धंद्याला प्रतिष्ठा नव्हती. इ.स. २०० च्या सुमारास संकलित झालेल्या मिश्नामध्ये कातडी कमावण्याची जागा गावापासून किमान पन्नास हात दूर असावी असा दंडक आहे; आणि नवरा कातडी कमावणारा असेल तर त्याच्यापासून सुटका मागण्याचा हक्क बायकोला दिला आहे, लग्नापूर्वी तिला ते ठाऊक असले तरीही. तथापि काही उपदेशक व्यासपीठावरून शिमोनाला सरळ 'अस्पृश्य' म्हणतात, ते मला पटत नाही. त्याच्या धंद्याची घृणा होती, मुख्यतः वासामुळे. त्याच्या जन्मावर शिक्का नव्हता. आपल्या देशातील दुखणे दुसऱ्याच्या देशात नेऊन ठेवले की ते आपले राहत नाही.

तरीही पेत्राला यापोत दुसरे घर मिळाले नसते काय? टबीथाला त्याने नुकतेच मरणातून उठवले होते. गावात त्याचे नाव झाले होते. वरच्या माडीवर रडणाऱ्या विधवा, शिष्य, सारेच त्याला घरी न्यायला उत्सुक असणार. तो राहिला ते समुद्राकाठच्या त्या घरी, जेथे भिजत घातलेल्या कातड्यांचा वास जेवणाच्या ताटापर्यंत येत असणार. एक रात्र नव्हे, बरेच दिवस. पाहुणा म्हणून एक रात्र राहणे हे औदार्य असते. बरेच दिवस राहणे म्हणजे त्या घराचे पाणी, त्या घराचे अंथरूण आणि त्या घराची लोकांतील पत स्वीकारणे होय.

मग ती प्रसिद्ध दुपार आली. पेत्र धाब्यावर प्रार्थनेस गेला, त्याला भूक लागली, चारी कोपरे धरून सोडलेले मोठे चादरीसारखे पात्र त्याने पाहिले, आणि देवाने जे शुद्ध ठरवले त्याला अपवित्र मानू नको, ही वाणी त्याच्या कानी आली. या दृष्टान्तावर आपण असंख्य उपदेश ऐकले आहेत. त्यांत एक गोष्ट सहसा सांगितली जात नाही. हा दृष्टान्त पेत्राला यरुशलेमेच्या मंदिरात झाला नाही. तो कातडी कमावणाऱ्याच्या छपरावर झाला. वाणी येण्यापूर्वी त्याचे पाय त्या घरात पडलेले होते. आपल्याला वाटते की आधी मनुष्याचे विचार बदलतात आणि मग तो नव्या घरी जेवायला जातो. येथे क्रम उलट दिसतो. पेत्र आधी राहिला, जेवला, वास सोसला; आणि मगच त्या घराच्या छतावर त्याला ती गोष्ट दाखवण्यात आली, जी त्याला इतरत्र कदाचित कळलीच नसती. दृष्टान्ताचा विषय परराष्ट्रीय होते हे खरे, पण त्याची पूर्वतयारी या घरात झाली होती.

आणखी एक बारकावा. कैसरियात कर्नेल्याला देवदूत दिसला. पेत्राला बोलावून आण, असे त्याने सांगितले. आणि पेत्र कोठे सापडेल याची खूण म्हणून कोणते घर सांगितले? शिमोन चांभाराचे, समुद्राच्या काठचे (१०:६). पुढे कर्नेल्य हीच हकीगत पेत्राला सांगतो तेव्हाही तो पत्ता जसाच्या तसा येतो (१०:३२). ज्या घराचा पत्ता गावातला प्रतिष्ठित मनुष्य आपल्या तोंडाने सांगणार नाही, तो स्वर्गाच्या निरोपात होता. रोमी शताधिपतीची माणसे वाटेत तो पत्ता विचारीत आली असतील. त्यांना दारात पाहून पेत्राने आत बोलावले आणि त्यांचा पाहुणचार केला (१०:२३). घर पेत्राचे नव्हते, हे आपण विसरतो. भाकर शिमोनाची होती. यहुदी प्रेषित आणि परराष्ट्रीय शिपाई एका छपराखाली जेवले ते प्रथम कातडी कमावणाऱ्याच्या अन्नावर. कर्नेल्याच्या घरचे जेवण त्यानंतरचे.

आता आपल्या मंडळीकडे येऊ, कारण तिच्याविषयी न बोलता हा विषय सोडणे सोपे आणि म्हणून अयोग्य होईल. अमेरिकन मराठी मिशनचे काम अहमदनगरला १८३१ साली सुरू झाले. तेथे आणि पुढे मराठी मुलखात अन्यत्र जी मंडळी उभी राहिली, तिच्यातील बहुसंख्य लोक महार आणि मांग वस्त्यांतून आले. त्यांनी शाळा गाठल्या, मेलेली गुरे ओढण्याचे काम टाकले, आणि ते शिक्षक, परिचारिका, पाळक, कारकून झाले. ही कामे टाकणे हाच अनेकांच्या दृष्टीने मुक्तीचा पहिला अनुभव होता. ख्रिस्ती मंडळीबाहेरही तेच घडले. १९ व २० मार्च १९२७ रोजी महाडच्या परिषदेत डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी मृत जनावरांचे मांस सोडण्याचा आग्रह धरला, आणि त्याच परिषदेनंतर चवदार तळ्याचे पाणी प्राशन करण्यात आले. मृत जनावरांशी जखडलेला हात सोडवणे आणि पाण्यापर्यंत हात पोहोचवणे या दोन गोष्टी एकाच वेळी घडाव्यात, यात मला मोठा अर्थ दिसतो.

म्हणून पंख्याखाली बसून 'कोणतेही काम हलके नसते' असे सांगणारा उपदेश मला ऐकवत नाही. ज्यावर ते काम लादले गेले होते त्याला त्याचा गौरव ऐकवणे, हा गौरव नव्हे. स्वेच्छेने केलेले आणि जन्माने बांधलेले काम ही एक वस्तू नाही, जरी दोहोंत साल तीच, चुना तोच, सुरी तीच असली तरी.

परंतु काम सोडणे वेगळे आणि काम करणाऱ्या आजोबांना सोडणे वेगळे. येथे, वाचकहो, मी तुमच्याशी थोडा वाद घालू इच्छितो. आपल्या घरांत फोटोंच्या भिंतीवर शिक्षक झालेल्या आजोबांपासून पुढची माणसे आहेत. त्यांच्या वडिलांचा विषय निघाला की आवाज खाली येतो. मुलांना आपण फक्त इतके सांगतो की आपले पूर्वज फार गरीब होते. विवाहविषयक जाहिरातींत 'सुशिक्षित ख्रिस्ती कुटुंबातील' या शब्दांमागे दुसरी चौकशी चालते, आणि मूळचे कोण, हा प्रश्न उपासनेनंतर मंडपात विचारला जातो. कधी थेट, कधी मामाच्या गावाचे नाव विचारून. दक्षिणेत काही ठिकाणी ख्रिस्ती दफनभूमीतही जातीच्या भिंती उभ्या राहिल्या. ज्या विटाळाचे अस्तित्व आपण नाकारले, त्याचीच ही उलट बाजूने केलेली पूजा नव्हे काय? लपवणारा मनुष्य गावाचा जुना निकाल मान्य करतो. एवढेच की तो आपल्यापुरती सूट मागतो.

यावर उत्तर येईल की लपवण्यास कारणे आहेत, आणि ती कारणे पोटाची आहेत. हे उत्तर मी हलके मानीत नाही. भाड्याचे घर मिळताना काय विचारले जाते ते शहरात राहणाऱ्यांना ठाऊक आहे. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशाने अनुसूचित जातीचा दर्जा हिंदूंपुरता ठेवला. १९५६ साली शिखांना आणि १९९० साली बौद्धांना तो लागू झाला. ख्रिस्ती झालेल्यांना तो अद्याप नाही. परिणामी एकाच घरात कागदावरचे नाव एक आणि बाप्तिस्म्याचे नाव दुसरे, अशी कुटुंबे आपल्या ओळखीत आहेत. कायदा म्हणतो, ख्रिस्ती झालात, आता तुम्हाला जात नाही. गाव म्हणते, काहीही व्हा, तुम्ही तेच. या दोन दगडांमध्ये सापडलेल्या मनुष्याला खरे बोलण्याचा उपदेश करताना उपदेशकाने आपले स्वतःचे नुकसान किती होणार आहे हे आधी मोजावे. माझा वाद त्या मनुष्याशी नाही. माझा वाद मंडळीशी आहे, जिने असे एक घर तयार ठेवायला हवे होते की जेथे आल्यावर निदान एका सकाळपुरते काहीच लपवावे लागू नये.

मघाशी घाण आणि विटाळ यांतला फरक सांगितला. त्याचा आधुनिक पुरावा हवा असेल तर पालार नदीकडे पाहा. विसाव्या शतकाच्या आरंभी मद्रासेत क्रोमियमने चामडे कमावण्याची पद्धत आली. साल-हिरड्याला आठवडे लागत तेथे हे काम थोड्या दिवसांत, आणि मोठ्या प्रमाणावर, होऊ लागले. तमिळनाडूच्या वेल्लोर पट्ट्यात कारखाने वाढले, त्यांचे पाणी पालारच्या खोऱ्यात मुरले, विहिरी आणि शेते बिघडली. अखेर १९९६ साली सर्वोच्च न्यायालयाला या प्रकरणी कठोर निर्णय द्यावा लागला. तरवडाच्या सालीने कोणाची विहीर अशी बाटवली नव्हती. येथे मात्र पाणी खरोखर बाटले, प्रयोगशाळेत मोजता येईल असे बाटले. तरी त्या पाण्यावर ज्यांचे बंगले उभे राहिले त्यांना कोणी वेशीबाहेर बसवले नाही, त्यांच्या हातचे पाणी कोणी नाकारले नाही. आणि हौदात उतरणारे हात आजही पुष्कळदा जुन्याच वस्त्यांतून येतात.

प्रभूने सांगितले की बाहेरून आत जाणारे मनुष्याला भ्रष्ट करीत नाही, आतून बाहेर येणारे करते (मार्क ७). पेत्र ते ऐकत होता. तरीही त्याला यापोचे छप्पर लागले, आणि तेही पुरले नाही. अंत्युखियात परराष्ट्रीयांबरोबर जेवत असलेला हाच पेत्र, याकोबाकडून माणसे आली तेव्हा पंक्तीतून हळूच मागे सरकला, आणि पौलाला त्याला तोंडावर बोलावे लागले (गलतीकरांस २:११-१४). लोक काय म्हणतील, एवढेच कारण होते. शिमोनाच्या घरी बरेच दिवस राहिलेल्या माणसाची ही गत, तर ज्यांनी तेथे एकही रात्र काढली नाही त्यांनी आपल्या पंक्तीविषयी फार खात्री बाळगू नये. इब्री लोकांस पत्राचा लेखक आपल्याला आठवण करून देतो की येशूने वेशीबाहेर दुःख सोसले, आणि त्याच्याकडे जायचे तर तेथेच जावे लागते (१३:१२-१३). आपल्या प्रत्येक गावात वेशीबाहेर कोण राहत होते हे आपल्याला सांगावे लागत नाही.

शिमोनाविषयी लूक पुढे काही लिहीत नाही. त्याच्या तोंडचा एकही शब्द आपल्यापर्यंत आलेला नाही. दुसऱ्या दिवशी पेत्र कैसरियास निघाला तेव्हा यापोतील काही भाऊ त्याच्याबरोबर गेले. ते सहा जण होते, असे तो पुढे यरुशलेमेत सांगतो (११:१२). कर्नेल्याच्या घरी पवित्र आत्म्याचा वर्षाव झाला तेव्हा ते सहाही तेथे होते. त्यांत शिमोन होता की नाही हे आपल्याला कळत नाही. असेल, तर त्याने ते सर्व पाहिले. नसेल, तर त्याचे कारण अगदी साधे असू शकेल. पाहुणे गेले, त्यांची अंथरुणे गुंडाळली गेली, आणि हौदात कातडी भिजत पडली होती. ती वेळेवर बाहेर काढली नाहीत तर वाया जातात.